ऑगस्टस डी मॉर्गन

ऑगस्टस डी मॉर्गन (२७ जून १८०६, मदुराई – १८ मार्च १८७१, लंडन) हे एकोणिसाव्या शतकातील ब्रिटिश गणितज्ञ, तर्कशास्त्रज्ञ आणि अध्यापक होते. गणिती तर्कशास्त्राच्या आरंभीच्या शिल्पकारांत जॉर्ज बूल यांच्या बरोबरीने त्यांचे नाव घेतले जाते. संच आणि विधाने यांच्या नकाराविषयीचे ‘डी मॉर्गनचे नियम’ आज शाळा-महाविद्यालयांत शिकवले जातात. ‘गणितीय विगमन’ या पद्धतीला रूढ असलेले नावही त्यांच्याच लेखनातून पुढे आले. शब्दाचा अर्थ आणि त्याची व्याप्ती आधी निश्चित करावी, मगच त्यावरून निष्कर्ष काढावा, हे त्यांच्या तर्कशास्त्राचे मुख्य सूत्र होते. हेच सूत्र त्यांनी स्वतःच्या आयुष्यालाही लावले आणि त्यापायी एकाच संस्थेतील प्राध्यापकपद दोनदा सोडले.

जन्म आणि बालपण

डी मॉर्गन यांचा जन्म तमिळनाडूतील मदुराई येथे झाला. वडील जॉन डी मॉर्गन हे ईस्ट इंडिया कंपनीच्या मद्रास सैन्यात अधिकारी होते. आई एलिझाबेथ ही जेम्स डॉडसन या अठराव्या शतकातील गणितज्ञाच्या वंशातील होती. डॉडसन यांनी १७४२ मध्ये प्रतिलॉगरिथमांची कोष्टके प्रसिद्ध केली होती. जन्मानंतर थोड्याच काळात ऑगस्टस यांच्या उजव्या डोळ्याची दृष्टी गेली. ते सात महिन्यांचे असताना कुटुंब इंग्लंडला गेले आणि त्यानंतर त्यांनी भारत पुन्हा पाहिला नाही. १८१६ मध्ये भारतातून परतीच्या सागरप्रवासात वडिलांचे निधन झाले. तेव्हा ऑगस्टस दहा वर्षांचे होते.

एका डोळ्याने दिसत नसल्यामुळे त्यांना शाळेतील खेळांत भाग घेता येत नसे. काही मुले या व्यंगाची क्रूर थट्टाही करीत. गणिताची ओढ त्यांच्यात लहानपणापासून दिसली असे नाही. चौदाव्या वर्षी ते भूमितीची एक आकृती फार कष्टाने, चित्रासारखी रेखाटत बसले होते. ते एका कौटुंबिक स्नेह्याच्या लक्षात आले. भूमितीत आकृती काढणे हा हेतू नसतो, विधान सिद्ध करणे हा हेतू असतो, हे त्या स्नेह्याने त्यांना समजावून दिले. सिद्धता म्हणजे काय, या प्रश्नाशी त्यांची पहिली ओळख अशी झाली आणि पुढे तोच त्यांचा आयुष्यभराचा विषय ठरला.

केंब्रिज आणि धर्ममताची अट

१८२३ मध्ये, वयाच्या सोळाव्या वर्षी, डी मॉर्गन केंब्रिजच्या ट्रिनिटी महाविद्यालयात दाखल झाले. जॉर्ज पीकॉक आणि विल्यम ह्यूएल हे त्यांचे शिक्षक होते. परीक्षेच्या चाकोरीबाहेरचे वाचन आणि बासरीवादन यांत ते रमत. १८२७ च्या ट्रायपॉस परीक्षेत ते चौथे रँगलर झाले. रँगलर हा शब्द मराठी वाचकांना र. पु. परांजपे यांच्यामुळे परिचित आहे. परांजपे यांनी १८९९ मध्ये याच परीक्षेत सर्वोच्च स्थान मिळवले होते.

चौथ्या रँगलरला महाविद्यालयाची अधिछात्रवृत्ती मिळणे अवघड नव्हते. परंतु ती मिळवण्यासाठी एम. ए. ही पदवी आवश्यक होती आणि त्या पदवीसाठी चर्च ऑफ इंग्लंडच्या धर्ममतांना मान्यता देणारी सही करावी लागे. डी मॉर्गन यांचे पालनपोषण त्याच चर्चच्या श्रद्धेत झाले होते. त्यामुळे बहुतेक पदवीधरांप्रमाणे तेही ही सही केवळ उपचार म्हणून करू शकले असते. तथापि, ज्ञानाच्या क्षेत्रात प्रवेश देताना श्रद्धेची कबुली मागणेच त्यांना अमान्य होते, म्हणून त्यांनी सही केली नाही. केंब्रिजचे दार त्यामुळे बंद झाले आणि ते वकिलीच्या अभ्यासासाठी लंडनला गेले.

प्राध्यापकपद आणि पहिला राजीनामा

१८२६ मध्ये लंडन येथे एका नव्या विद्यापीठाची स्थापना झाली होती. हेच पुढे युनिव्हर्सिटी कॉलेज लंडन या नावाने प्रसिद्धीस आले. विद्यार्थी किंवा अध्यापक यांच्याकडून धर्ममताची कबुली मागायची नाही, हे या संस्थेचे घोषित तत्त्व होते. १८२८ मध्ये, वय अवघे एकवीस असताना आणि कोणतेही पुस्तक नावावर नसताना, डी मॉर्गन यांची तेथे गणिताचे पहिले प्राध्यापक म्हणून नियुक्ती झाली.

१८३१ मध्ये संस्थेच्या व्यवस्थापन मंडळाने शरीररचनाशास्त्राचे प्राध्यापक ग्रॅन्व्हिल शार्प पॅटिसन यांना पदावरून दूर केले. त्यांचा दोष मंडळाने स्पष्टपणे नमूद केला नव्हता. कारण न सांगता प्राध्यापकाला काढता येत असेल, तर प्राध्यापकपद या शब्दाला अर्थ उरत नाही, अशी डी मॉर्गन यांची धारणा होती. त्यांनी जुलै १८३१ मध्ये राजीनामा दिला. पुढील पाच वर्षे त्यांनी खासगी शिकवणी, ग्रंथलेखन आणि विमा-गणिताचे काम यांवर काढली. १८३६ मध्ये त्यांच्या जागी आलेले प्राध्यापक जॉर्ज व्हाइट यांचा बुडून मृत्यू झाला. अभ्यासक्रम खंडित होऊ नये म्हणून डी मॉर्गन परत आले. त्यानंतर ते तीस वर्षे तेथेच शिकवत राहिले.

१८३७ मध्ये त्यांचा विवाह सोफिया एलिझाबेथ फ्रेंड यांच्याशी झाला. सोफिया यांचे वडील विल्यम फ्रेंड हे गणिताचे अभ्यासक होते. मात्र ऋण संख्यांना अर्थ नाही, असे मानून ते त्यांचा वापर नाकारत. या दांपत्याला सात अपत्ये झाली. त्यांपैकी विल्यम हे कुंभकलेतील कलावंत व कादंबरीकार म्हणून, तर मेरी या परीकथांच्या लेखिका म्हणून नावारूपाला आल्या.

विश्वकोशातील लेखन आणि ‘गणितीय विगमन’ ही संज्ञा

सर्वसामान्य वाचकांपर्यंत ज्ञान स्वस्तात पोचावे, या हेतूने इंग्लंडमध्ये १८३३ ते १८४३ या काळात ‘पेनी सायक्लोपीडिया’ हा विश्वकोश भागाभागाने निघत होता. डी मॉर्गन यांनी त्यासाठी सातशेहून अधिक नोंदी लिहिल्या. गणित, खगोलशास्त्र आणि गणितज्ञांची चरित्रे हे त्यांचे मुख्य विषय होते. १८३८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या विगमनावरील नोंदीत त्यांनी गणितातील एका सिद्धतापद्धतीचे विवेचन केले. तिला त्यांनी आधी ‘क्रमिक विगमन’ असे म्हटले आणि नोंदीच्या अखेरीस ‘गणितीय विगमन’ हे नाव वापरले. यांतील दुसरे नाव टिकले.

ही पद्धत डी मॉर्गन यांनी शोधली नाही. फ्रेंच गणितज्ञ ब्लेझ पास्कल यांनी सतराव्या शतकात तिचा स्पष्ट वापर केला होता. जॉन वॉलिस यांनी १६५६ मध्ये विगमन हा शब्द गणितात वापरला होता. परंतु त्यांच्या लेखनात तो पुष्कळदा काही उदाहरणे तपासून नियम मांडणे, एवढ्याच अर्थाने येतो. पीकॉक यांनी १८३० च्या आपल्या बीजगणितात ‘सिद्धिक्षम विगमन’ अशा अर्थाचे नाव सुचवले होते. म्हणजे पद्धत होती, पण तिचे नाव निश्चित नव्हते आणि एकाच शब्दाने दोन भिन्न क्रिया दर्शवल्या जात होत्या.

या दोन क्रियांमधील भेद महत्त्वाचा आहे. तर्कशास्त्रात निगमन म्हणजे मान्य विधानांपासून अटळपणे निघणारा निष्कर्ष, तर विगमन म्हणजे विशिष्ट उदाहरणांवरून सर्वसामान्य नियमाकडे जाणे. शितावरून भाताची परीक्षा हे विगमनाचे घरगुती उदाहरण होय. असा निष्कर्ष व्यवहारात उपयोगी असला, तरी तो निश्चित नसतो. गणितातही तो दगा देऊ शकतो. ‘न’ या संख्येचा वर्ग, अधिक ‘न’, अधिक ४१ ही राशी घेतली, तर ‘न’ची किंमत ० ते ३९ असताना प्रत्येक वेळी मूळ संख्या मिळते. चाळीस उदाहरणे सलग जुळल्यावर नियम सापडला असे कोणालाही वाटेल. परंतु ‘न’ ४० असताना उत्तर १६८१ येते आणि ते ४१ चा वर्ग आहे.

गणितीय विगमनात उदाहरणांच्या संख्येवर काहीही अवलंबून नसते. त्यात दोन गोष्टी सिद्ध कराव्या लागतात. पहिली, विधान पहिल्या संख्येसाठी खरे आहे. दुसरी, ते कोणत्याही एका संख्येसाठी खरे असेल तर तिच्या पुढच्या संख्येसाठीही खरे असते. उदाहरणार्थ, १ पासूनच्या क्रमागत विषम संख्यांची बेरीज नेहमी पूर्ण वर्ग असते. १ हा १ चा वर्ग आहे, हा आरंभ झाला. आता पहिल्या ‘न’ विषम संख्यांची बेरीज ‘न’चा वर्ग आहे असे धरले, तर त्यात मिळवायची पुढील विषम संख्या ‘न’च्या दुपटीहून एकाने मोठी असते आणि ती मिळवताच ‘न’ अधिक १ या संख्येचा वर्ग तयार होतो. पायरीवरून पुढच्या पायरीवर जाण्याचा हा मार्ग सर्व पायऱ्यांसाठी एकच असल्याने विधान सर्व संख्यांसाठी सिद्ध होते.

म्हणजे नावात विगमन असले, तरी ही पद्धत स्वभावाने निगमनात्मक आहे आणि तिचा निष्कर्ष संपूर्ण निश्चित असतो. ‘गणितीय’ हे विशेषण शोभेसाठी नाही. ते ही पद्धत सामान्य विगमनापासून वेगळी काढते. विद्यार्थ्यांचा होणारा गोंधळ बहुधा हे विशेषण दुर्लक्षिल्याने होतो. पहिल्या पाच-सहा संख्यांसाठी सूत्र पडताळून ‘विगमनाने सिद्ध’ असे लिहिणे ही त्यातील नेहमीची चूक होय. डी मॉर्गन यांचे विद्यार्थी आयझॅक टॉडहंटर यांनी आपल्या बीजगणिताच्या पाठ्यपुस्तकात हीच संज्ञा स्वीकारली. ते पुस्तक इंग्लंडप्रमाणेच भारतातही दीर्घकाळ वापरात असल्याने संज्ञेचा प्रसार झाला. पुढे रिखार्ड डेडेकिंट (१८८८) आणि ज्युझेप्पे पेआनो (१८८९) यांनी या तत्त्वाला नैसर्गिक संख्यांच्या व्याख्येतच पायाभूत स्थान दिले.

तर्कशास्त्रातील कार्य

ॲरिस्टॉटलपासून चालत आलेल्या तर्कशास्त्रात दोन आधारविधानांवरून तिसरे विधान काढण्याच्या आकृतिबंधाला, म्हणजे संवाक्याला, मध्यवर्ती स्थान होते. या शास्त्रात दोन हजार वर्षांत भर घालण्यासारखे काही उरले नाही, असा समज दृढ होता. डी मॉर्गन यांनी १८४६ पासून संवाक्यावर लिहिलेल्या शोधनिबंधांच्या मालिकेतून आणि १८४७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या ‘फॉर्मल लॉजिक’ या ग्रंथातून तो समज मोडून काढला.

त्यांची पहिली महत्त्वाची कल्पना विधानाच्या विश्वाची होती. ‘केळी नसलेल्या वस्तू’ असे म्हटल्यास त्यात जगातील पर्वत, नद्या आणि संख्याही येतील आणि त्या शब्दप्रयोगाला उपयुक्त अर्थ राहणार नाही. पण बोलणे वसईच्या बाजारातील फळांविषयी चालले आहे असे ठरले, की ‘केळी नसलेली’ म्हणजे तेथील चिकू, पेरू, आंबे इत्यादी उरलेली फळे, असा नेमका अर्थ मिळतो. नकाराला अर्थ येण्यासाठी आधी क्षेत्र ठरवावे लागते, हा त्यांचा मुद्दा होता. आजच्या पाठ्यपुस्तकांतील विश्वसंच आणि पूरक संच या संकल्पना त्याच विचाराशी जोडलेल्या आहेत.

त्यांच्या नावाने ओळखले जाणारे दोन नियम नकाराविषयीच आहेत. ‘आणि’ने जोडलेल्या दोन विधानांचा एकत्र नकार म्हणजे त्या विधानांचे स्वतंत्र नकार ‘किंवा’ने जोडणे, हा पहिला नियम. ‘किंवा’ने जोडलेल्या विधानांचा नकार म्हणजे स्वतंत्र नकार ‘आणि’ने जोडणे, हा दुसरा. संचांच्या भाषेत, छेद संचाचा पूरक संच हा पूरक संचांचा संयोग असतो आणि संयोग संचाचा पूरक संच हा पूरक संचांचा छेद असतो. ‘ही गाडी जलद आहे आणि विरारपर्यंत जाते’ हे विधान असत्य आहे असे कळले, तर त्यावरून गाडी जलदही नाही आणि विरारलाही जात नाही, असा अर्थ घेण्याकडे मनाचा कल असतो. तो चुकीचा आहे. विरारला जाणारी धिमी गाडी आणि बोरिवलीलाच थांबणारी जलद गाडी, या दोन्ही त्या विधानाला असत्य ठरवतात. योग्य नकार एवढाच, की गाडी जलद नाही किंवा विरारपर्यंत जात नाही. उलट, ‘गाडी नायगावला किंवा भाईंदरला थांबते’ हे असत्य असेल, तर ती या दोहोंपैकी कोठेच थांबत नाही. या नियमांतील ‘किंवा’ दोन्ही पर्याय एकाच वेळी खरे असण्याला वाव देतो, हेही लक्षात ठेवावे लागते. या नियमांचा आशय चौदाव्या शतकातील विल्यम ऑफ ऑकम यांच्यासारख्या मध्ययुगीन तर्कशास्त्रज्ञांना ठाऊक होता. डी मॉर्गन यांनी त्यांना सर्वसाधारण रूप देऊन नव्या चिन्हांकित तर्कशास्त्रात स्थान मिळवून दिले.

संख्यांचा उल्लेख असलेल्या अनुमानांचाही त्यांनी विचार केला. एखाद्या गावात १०० घरे आहेत, त्यांपैकी ७० घरांना विहीर आहे आणि ६० घरांना वाडी आहे असे समजू. तर किमान ३० घरांना विहीर आणि वाडी ही दोन्ही असलीच पाहिजेत. हा निष्कर्ष अटळ असूनही जुन्या संवाक्याच्या साच्यात बसत नाही, कारण त्या साच्यात ‘सर्व’ आणि ‘काही’ यांपलीकडे परिमाण नाही.

१८६० च्या सुमारास त्यांनी संबंधांच्या तर्कशास्त्राचा पाया घातला. घोडा हा प्राणी आहे, म्हणून घोड्याचे डोके हे प्राण्याचे डोके आहे, हे अनुमान कोणीही मान्य करील. परंतु ॲरिस्टॉटलच्या संवाक्यांनी ते सिद्ध करता येत नाही, कारण त्यात ‘अमक्याचे डोके’ हा दोन वस्तूंमधील संबंध गुंतलेला आहे. संबंध, त्याचा उलट संबंध आणि संबंधांची साखळी यांचे नियम डी मॉर्गन यांनी मांडले. अमेरिकन तत्त्वज्ञ चार्ल्स सँडर्स पर्स यांनी हे कार्य पुढे नेले आणि आधुनिक गणिती तर्कशास्त्रात संबंध ही मूलभूत संकल्पना ठरली.

हॅमिल्टन वाद आणि जॉर्ज बूल

१८४६-४७ मध्ये एडिंबरोचे तत्त्वज्ञ सर विल्यम हॅमिल्टन यांनी डी मॉर्गन यांच्यावर वाङ्मयचौर्याचा आरोप केला. विधानातील विधेयालाही ‘सर्व’ किंवा ‘काही’ असे परिमाण जोडण्याची कल्पना आपली आहे, असा हॅमिल्टन यांचा दावा होता. डी मॉर्गन यांनी दोन्ही पद्धतींमधील फरक दाखवून आरोप फेटाळला. हा वाद अनेक वर्षे धुमसत राहिला. त्याचे एक अनपेक्षित फळ असे, की तो वाचून लिंकन येथील शाळाशिक्षक जॉर्ज बूल पुन्हा तर्कशास्त्राकडे वळले आणि त्यांनी १८४७ मध्येच तर्काच्या गणिती विश्लेषणावरील आपली पुस्तिका प्रसिद्ध केली. बूल यांची पद्धत अधिक व्यापक आहे, हे डी मॉर्गन यांनी मोकळेपणाने मान्य केले. दोघांचा पत्रव्यवहार बूल यांच्या १८६४ मधील निधनापर्यंत चालू होता.

डब्लिनचे गणितज्ञ सर विल्यम रोवन हॅमिल्टन हे याच नावाचे दुसरे गृहस्थ. ते डी मॉर्गन यांचे स्नेही होते. कोणताही नकाशा रंगवण्यास चार रंग पुरतात का, हा एका विद्यार्थ्याने विचारलेला प्रश्न डी मॉर्गन यांनी २३ ऑक्टोबर १८५२ रोजी त्यांनाच पत्राने कळवला होता. हा प्रश्न १९७६ मध्ये संगणकाच्या साहाय्याने सुटला.

भारताशी संबंध

जन्मभूमीशी डी मॉर्गन यांचे नाते पुढे गणिताच्या द्वारे जुळले. दिल्ली कॉलेजातील शिक्षक मास्टर रामचंद्र यांनी १८५० मध्ये कलकत्त्याहून एक इंग्रजी ग्रंथ स्वखर्चाने प्रसिद्ध केला. एखाद्या राशीची सर्वांत मोठी वा सर्वांत लहान किंमत काढण्यासाठी सामान्यतः कलनशास्त्र लागते. रामचंद्र यांनी ते केवळ बीजगणिताने, मुख्यतः वर्गसमीकरणांच्या आधारे साधले होते. कलकत्त्यातील समीक्षकांनी या ग्रंथाची उपेक्षा केली. परंतु त्याची प्रत डी मॉर्गन यांच्या हाती पडताच त्यांनी ईस्ट इंडिया कंपनीच्या संचालकांकडे त्याची शिफारस केली. कंपनीने रामचंद्र यांचा रोख पारितोषिक व मानवस्त्र देऊन गौरव केला आणि १८५९ मध्ये हा ग्रंथ डी मॉर्गन यांच्या विस्तृत प्रस्तावनेसह लंडन येथून पुन्हा निघाला. भास्कराचार्यांच्या बीजगणिताचा कोलब्रुक यांनी केलेला अनुवाद डी मॉर्गन यांना परिचित होता. भारतीयांची बीजगणिताची जुनी परंपरा जागवूनच तेथे नवे गणितशिक्षण रुजवावे, असे मत त्यांनी त्या प्रस्तावनेत मांडले.

मराठीशीही त्यांच्या ग्रंथांचा संबंध आला. मुंबई इलाख्यात गणिताची इंग्रजी पुस्तके मराठीत आणण्याचे काम लष्करी अभियंते जॉर्ज जर्व्हिस यांनी १८२० च्या दशकापासून चालवले होते. पुढे १८५० च्या सुमारास जर्व्हिस, विष्णु सुंदर छत्रे आणि गंगाधरशास्त्री फडके यांनी डी मॉर्गन यांच्या पाठ्यपुस्तकांची मराठी भाषांतरे मुंबईत प्रसिद्ध केली. अशा रीतीने लेखकाच्या हयातीतच त्यांचे गणित मराठी विद्यार्थ्यांना आपल्या भाषेत वाचता आले.

अध्यापन आणि अन्य लेखन

अध्यापक म्हणून डी मॉर्गन यांची ख्याती मोठी होती. ते परीक्षेसाठी घोकून घेण्याच्या विरोधात होते आणि प्रत्येक नियमामागचे कारण सांगण्यावर त्यांचा भर असे. जेम्स जोसेफ सिल्व्हेस्टर, आयझॅक टॉडहंटर आणि अर्थशास्त्रज्ञ विल्यम स्टॅन्ली जेव्हन्स हे त्यांचे विद्यार्थी होत. १८४० पासून त्यांनी एडा लव्हलेस यांना पत्रांद्वारे उच्च गणित शिकवले. एडा यांच्या असामान्य बुद्धीची त्यांना जाण होती; मात्र इतका बौद्धिक ताण स्त्रीच्या प्रकृतीला झेपणार नाही, अशी त्या काळची समजूत त्यांनीही एडा यांच्या आईला लिहिलेल्या पत्रात व्यक्त केली.

अंकगणित (१८३०), बीजगणित (१८३५), कलनशास्त्र (१८४२) आणि त्रिकोणमिती (१८४९) यांवरील त्यांचे ग्रंथ विशेष प्रसिद्ध आहेत. नाण्यांच्या दशमान पद्धतीचा त्यांनी दीर्घकाळ पुरस्कार केला. वर्तुळाएवढ्या क्षेत्रफळाचा चौरस काढल्याचा दावा करणाऱ्या आणि अशाच अन्य हौशी संशोधकांवरील त्यांचे मिश्कील लेख ‘अ बजेट ऑफ पॅराडॉक्सेस’ या नावाने मृत्यूनंतर, १८७२ मध्ये, पुस्तकरूपाने निघाले. ज्या वर्षाची संख्या आपल्या वयाचा वर्ग होती, असे वर्ष आपण पाहिले आहे, असे ते गमतीने सांगत. १८४९ हा ४३ चा वर्ग आहे आणि त्या वर्षी ते ४३ वर्षांचे झाले होते.

दुसरा राजीनामा आणि अखेर

१८६५ मध्ये लंडन मॅथेमॅटिकल सोसायटी स्थापन झाली. डी मॉर्गन यांचे पुत्र जॉर्ज हे तिच्या संस्थापकांपैकी एक होते आणि स्वतः डी मॉर्गन तिचे पहिले अध्यक्ष झाले. पुढील वर्षी युनिव्हर्सिटी कॉलेजात मनाचे तत्त्वज्ञान आणि तर्कशास्त्र या विषयांचे प्राध्यापकपद रिक्त झाले. जेम्स मार्टिनो हे त्यासाठी सर्वांत योग्य उमेदवार मानले जात होते. ते युनिटेरियन पंथाचे धर्मोपदेशक होते आणि त्या ओळखीमुळेच व्यवस्थापन मंडळाने त्यांची निवड नाकारली.

धर्ममत विचारायचे नाही, या तत्त्वावर उभी राहिलेली संस्था आता उमेदवाराचे धर्ममत पाहून निर्णय घेत होती. डी मॉर्गन यांच्या दृष्टीने संस्थेचे नाव तेच राहिले, पण त्या नावाचा अर्थ नाहीसा झाला. त्यांनी नोव्हेंबर १८६६ मध्ये दुसऱ्यांदा राजीनामा दिला. त्या वेळी ते साठ वर्षांचे होते आणि उत्पन्नाचे दुसरे भक्कम साधन त्यांच्याजवळ नव्हते. माजी विद्यार्थ्यांनी त्यांचे चित्र किंवा अर्धपुतळा महाविद्यालयात ठेवण्याची इच्छा दर्शवली. परंतु आपण ज्या महाविद्यालयाचे होतो ते आता अस्तित्वात नाही, या भूमिकेने त्यांनी नकार दिला.

१८६७ मध्ये पुत्र जॉर्ज यांचे निधन झाले. गणितात वडिलांचा वारसा चालवणारा मुलगा गेल्याने डी मॉर्गन खचले. १८७० मध्ये एक कन्याही वारली. १८ मार्च १८७१ रोजी लंडन येथे डी मॉर्गन यांचे निधन झाले आणि केन्सल ग्रीन दफनभूमीत त्यांना मूठमाती देण्यात आली. त्यांचा मोठा ग्रंथसंग्रह लॉर्ड ओव्हरस्टोन यांनी विकत घेऊन लंडन विद्यापीठाला दिला. पत्नी सोफिया यांनी त्यांचे चरित्र १८८२ मध्ये प्रसिद्ध केले.

सन्मान आणि प्रभाव

हयातीत डी मॉर्गन यांनी सन्मान घेण्याचे टाळले. रॉयल सोसायटीचे सदस्यत्व त्यांनी स्वीकारले नाही आणि एडिंबरो विद्यापीठाची मानद पदवीही नाकारली. लंडन मॅथेमॅटिकल सोसायटीतर्फे त्यांच्या स्मरणार्थ दिले जाणारे डी मॉर्गन पदक १८८४ मध्ये प्रथम आर्थर केली यांना देण्यात आले. चंद्रावरील एका विवरालाही त्यांचे नाव दिलेले आहे.

संगणकाच्या मंडलांची रचना, आज्ञावलीतील अटी सोप्या करणे आणि माहितीसाठ्यात शोध घेणे या सर्व ठिकाणी डी मॉर्गनचे नियम उपयोगी पडतात. महाराष्ट्र राज्य मंडळाच्या अकरावीच्या गणितात विगमनाची पद्धत आणि बारावीच्या गणिताच्या पहिल्या प्रकरणात हे नियम अभ्यासाला आहेत.